निळू फुले : ‘खलनायक’ या शब्दापलीकडे

मराठी चित्रपटाच्या समीक्षेत चरित्र अभिनेत्याचा विचार बहुधा नायकाच्या अनुषंगानेच केला जातो. निळू फुले (१९३०-२००९) यांच्याबाबत तर ‘खलनायक’ हा एकच शब्द पुरेसा मानला गेला. त्यांच्या प्रदीर्घ कारकिर्दीला तो अपुरा आहे, असे प्रस्तुत लेखकास वाटते.

पुण्यातील लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करणाऱ्या या तरुणाची जडणघडण राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात झाली. ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या लोकनाट्याने त्यांना नाव मिळवून दिले. १९६८ मध्ये अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’तून ते पडद्यावर आले. लोकनाट्यात प्रेक्षकांशी थेट, खड्या आवाजात बोलावे लागते. कॅमेऱ्यापुढे फुले यांनी नेमके उलट केले. आवाज खाली आणला, शब्द रेंगाळू दिला, नजर संथ केली.

जब्बार पटेल दिग्दर्शित, विजय तेंडुलकर लिखित ‘सामना’ १९७५ च्या बर्लिन महोत्सवात स्पर्धेसाठी निवडला गेला होता. त्यातील साखरसम्राट हिंदुराव पाटील हा या शैलीचा उत्तम नमुना होय. ज्याच्या हाती सत्ता असते त्याला आवाज चढवावा लागत नाही, हे फुले यांनी ओळखले होते. डॉ. श्रीराम लागू यांच्या मास्तरांनी मारुती कांबळेचा विषय काढताच हिंदुरावाच्या आदरातिथ्याला जो तडा जातो, तो संवादापेक्षा चेहऱ्यावर अधिक दिसतो. पुढे ‘सिंहासन’मध्ये (१९७९) हाच संथपणा पत्रकार दिगू टिपणीसच्या हतबलतेसाठी वापरला गेला. एकाच अभिनयशैलीतून सत्ताधीशही उभा राहिला आणि सत्तेचा खेळ पाहून भ्रमिष्ट होणारा साक्षीदारही.

रायगडच्या वाचकांना ‘जैत रे जैत’ (१९७७) अधिक जवळचा वाटावा. गो. नी. दांडेकरांच्या कादंबरीवरील ही कथा कर्नाळा परिसरातील ठाकरांची आहे. तेथे फुले यांच्या भोवती ना वाडा आहे, ना पाटीलकीचा थाट.

‘सखाराम बाइंडर’ची संहिता आपण वर्गात शिकवितो, १९७२ मधील परिनिरीक्षण मंडळाचा विरोध आणि न्यायालयीन लढाही सांगतो, कमलाकर सारंग दिग्दर्शित त्या प्रयोगातील सखारामाचा उल्लेख मात्र ओझरताच होतो. (या दोषातून प्रस्तुत लेखकही सुटलेला नाही.) पडद्यावर सत्तेचा माज दाखविणाऱ्या याच नटाने रंगभूमीवर जयवंत दळवींच्या ‘सूर्यास्त’मधील अप्पाजी साकारला. स्वतःच्याच मुलाच्या राजवटीविरुद्ध उभा ठाकणारा तो वृद्ध गांधीवादी होता.