तोंड आलंय, म्हणून उपाशी नको

घरात कुणाचं तोंड आलं की पहिले दोन दिवस आपण फारसं मनावर घेत नाही. जाईचा पाला चावायला देतो, थंड दूध देतो, आणि बाकीच्यांसाठी नेहमीसारखीच झणझणीत आमटी करतो. ज्याचं तोंड आलं आहे तो ताटावरून उठतो. "भूक नाही" म्हणतो. खरं तर भूक असते, घास तोंडात फिरवता येत नाही एवढंच. तिसऱ्या दिवशी चक्कर येते, आणि मग आपली धावपळ सुरू होते.

या महिन्याच्या आरोग्यपानात आम्ही दोनच गोष्टी सांगणार आहोत. एक, दुखऱ्या तोंडाला चालेल आणि अंगाला लागेल असं मऊ सूप घरी कसं करायचं. दोन, कुठलं तोंड येणं घरच्या उपायावर सोडायचं नाही.

गल्लीतले मामा

आमच्या गल्लीतले एक मामा नाक्यावर बिगारीकाम करायचे. गालात तंबाखू-चुन्याची गोळी असायचीच. त्या गालात आतून एक फोड आली आणि बरीच होईना. दात लागला असेल, उष्णता वाढली असेल, असं म्हणत तीन महिने गेले. मोठ्या दवाखान्यात नेलं तेव्हा कॅन्सर निघाला. ऑपरेशन झालं, मग शेक सुरू झाले, म्हणजे रेडिएशन. आठवड्यातून पाच दिवस, असे सहा आठवडे.

तिसऱ्या आठवड्यात मामांचं सगळं तोंड सोलल्यासारखं झालं. या शेकांनी असं होतं. तोंडाच्या आतली नाजूक कातडी भाजून निघते आणि शेक संपल्यावर काही आठवड्यांत ती पुन्हा भरून येते. पण तेवढ्या दिवसांत मामांचं खाणं सुटलं. मामी जिवापाड करत होत्या. दिवसातून चार वेळा वरणाचं पाणी गाळून पाजत होत्या. तरी वजन उतरतच गेलं. मामा म्हणू लागले, "बास झालं, मला नाही जायचं उद्यापासून."

दवाखान्यातल्या आहारतज्ज्ञ बाईंनी मामींना विचारलं, "पाणी पाजता, मग डाळ कोण खातं?" मामी म्हणाल्या, "आम्ही खातो." तेव्हा कळलं की चूक कुठे होत होती.

डाळीचं पाणी म्हणजे डाळ नव्हे

डाळ शिजली की तिचं बळ पाण्यात उतरतं, असा आपला जुना समज आहे. आजाऱ्याला वरचं निवळ पाणी आणि घरच्यांना खालची डाळ. पण जखम भरून काढणारी प्रथिनं बहुतेक त्या खालच्या गरात राहतात. चिकन उकळून नुसतं पाणी दिलं तरी तेच होतं. चव येते, घसा ओला होतो, पण अंगाला फार थोडं लागतं.

म्हणून आमच्या सुपाचा पहिला नियम असा की गर फेकायचा नाही. तो इतका बारीक करायचा की न चावता गिळता येईल.

पेज काही नवी गोष्ट नाही. विनयपिटकातल्या महावग्गात यागूचे, म्हणजे तांदळाच्या पेजेचे, दहा गुण सांगितलेले आहेत. त्याच पेजेत आपण डाळ, भाजी आणि अंडं घालणार आहोत.

काय काय लागेल

एका आजाऱ्याला दोन वेळा पुरेल एवढं साहित्य असं:

मुगाची पिवळी डाळ मूठभर, साधारण 30 ग्रॅम. तांदूळ दोन चमचे, रेशनचा चालतो. दुधी किंवा लाल भोपळ्याच्या फोडी एक वाटी. एक लहान बटाटा किंवा अर्धं गाजर. चिमूटभर हळद, चिमूटभर मीठ. तूप किंवा तेल दोन चमचे. एक अंडं. पाणी तीन-चार वाट्या.

दुधी घेतलात तर आधी घरातल्या धडधाकट माणसाने त्याचा एक छोटा कच्चा तुकडा जिभेला लावून पाहावा. कडू लागला तर थुंकून टाका आणि अख्खा दुधी फेकून द्या. कडू दुधी विषारी असतो, शिजवूनही त्याचं विष जात नाही.

काय घालायचं नाही तेही लक्षात ठेवा. मिरची, मिरी, गरम मसाला, टोमॅटो, लिंबू, चिंच, कोकम, आलं आणि कच्चा लसूण नको. मोहरी-जिऱ्याची फोडणीही नको, कारण दाणे जखमेत अडकतात आणि टोचतात. सुकट-बोंबलाचा रस्सा कितीही आवडीचा असला तरी त्यातलं मीठ जखमेला झोंबतं. तो तोंड बरं झाल्यावर.

करायचं कसं

डाळ आणि तांदूळ धुऊन अर्धा तास भिजवा. दुधी-भोपळ्याची साल आणि बिया काढा. सगळं कुकरमध्ये घालून तीन वाट्या पाणी आणि हळद टाका. पाच-सहा शिट्ट्या होऊ द्या. वरणाला लागतात त्यापेक्षा जास्तच, डाळ अगदी विरघळली पाहिजे. गॅस वाचवायचा असेल तर घरचा भात लावताना त्याच कुकरात वरच्या डब्यात हे लावा. फक्त भाज्या बारीक चिरा आणि दोन शिट्ट्या जास्त घ्या.

कुकर उतरला की रवीने चांगलं घुसळा. मिक्सर असेल तर फिरवून घ्या, पण आधी कोमट होऊ द्या, गरम असताना झाकण उडतं. मग पुरणाच्या चाळणीत ओता आणि पळीने दाबून दाबून सगळा गर खाली उतरवा. चाळणीत फक्त दोरे आणि एखादं साल उरलं पाहिजे. खूप गर उरला असेल तर डाळ नीट शिजलेली नाही. तो पुन्हा थोडं पाणी घालून शिजवा.

गाळलेलं सूप परत गॅसवर ठेवा. ताकापेक्षा दाट आणि पिठल्यापेक्षा पातळ झालं पाहिजे. पळीतून सरळ धार पडली की जमलं. उकळी आल्यावर अंडं फेटून बारीक धारेने सोडा आणि हात न थांबवता ढवळत राहा. गुठळ्या न होता ते सुपात मिसळतं. दोन-तीन मिनिटं उकळू द्या. आजारपणात कच्चं अंडं नको. शेवटी मीठ आणि तूप घाला.

मूठभर डाळीतून सात ग्रॅमच्या आसपास प्रथिनं मिळतात आणि एका अंड्यातून सहा. तूप-तेलाने थोड्या खाण्यात जास्त ताकद मिळते आणि घास घशातून सहज उतरतो.

अंडं चालत नसेल तर सूप कोमट झाल्यावर त्यात अर्धी वाटी उकळलेलं दूध किंवा दोन चमचे दूध पावडर घाला. चिकन असेल तर बिनहाडाचे चार तुकडे डाळीबरोबरच शिजवा आणि मिक्सरमध्ये एकजीव करा. मिक्सर नसेल तर पाट्यावर वाटून घ्या. नुसतं पाणी देऊ नका.

घरच्यांसाठी वेगळं करायची गरज नाही. त्याच कुकरात डाळ जास्त लावा. आजाऱ्याचं आधी काढून घ्या आणि उरलेल्याला लसूण-मिरचीची फोडणी द्या. एका कुकरात दोन्ही कामं होतात.

द्यायचं कसं

सूप गरम देऊ नका. बाळाचं दूध पाहतो तसं मनगटावर थेंब टाकून पाहा, नुसतं कोमट लागलं पाहिजे. काहींना गार जास्त बरं वाटतं, तसं द्या. ताटभर समोर ठेवलं की आजारी माणूस घाबरतो. दर दोन तासांनी अर्धी वाटी द्या. जखम पुढच्या बाजूला असेल तर स्ट्रॉने प्यायला सोपं जातं.

आजाऱ्याला उठवून, ताठ बसवून पाजा. आडवं पडून नको. पिताना वारंवार ठसका लागत असेल तर थांबा आणि डॉक्टरांना सांगा.

आपल्याकडे घरोघरी फ्रिज नसतो. सकाळचं सूप रात्रीसाठी ठेवू नका. उन्हाळ्यात दोन तासांतच ते खराब होऊ लागतं. लागेल तेवढंच करा. कॅन्सरचे उपचार चालू असलेल्यांना तर नेहमी ताजं, चांगलं उकळलेलंच द्या. साखरेचा आजार असेल तर तांदूळ-बटाटा कमी करून डाळ-भोपळा वाढवा. किडनीचा आजार असेल तर डाळ आणि अंडं किती द्यायचं हे डॉक्टरांना विचारूनच ठरवा.

खाण्याआधी आणि खाल्ल्यावर चूळ भरायला सांगा. एक पेला उकळून कोमट केलेलं पाणी, पाव चमचा मीठ आणि पाव चमचा खायचा सोडा. धुण्याचा सोडा नव्हे. तोंडात खुळखुळवून थुंकायचं, गिळायचं नाही. अॅस्पिरिनची गोळी दाढेशी किंवा जखमेवर धरून ठेवू नका, ती आतली कातडी भाजते. एक वर्षाच्या आतल्या बाळाच्या तोंडाला मध लावू नका.

तोंड कशाने येतं

साध्या फोडी आठ-पंधरा दिवसांत आपोआप बऱ्या होतात. वरचेवर तोंड येत असेल तर अंगात लोह, फॉलिक अॅसिड किंवा बी-12 कमी असू शकतं. साध्या रक्ततपासणीत ते कळतं. टोकदार दात किंवा सैल कवळी घासूनही जखम होते, ती दात घासून गुळगुळीत केल्याशिवाय किंवा कवळी नीट केल्याशिवाय बरी होत नाही. जिभेवर दह्यासारखा पांढरा थर आला असेल तर ती बुरशी असू शकते, आणि तिला औषध लागतं. लहान मुलाला ताप, तोंडात फोड आणि हाता-पायांवर पुरळ असेल तर डॉक्टरांना दाखवा. मूल काहीच पीत नसेल आणि सहा-आठ तास लघवी झाली नसेल तर वाट पाहू नका.

आणि एक कारण आपल्या घराघरात आहे: तंबाखू, गुटखा, खर्रा, सुपारी आणि मशेरी. महाराष्ट्रात गुटख्यावर 2012 पासून बंदी आहे, तरी पुडी कुठे मिळते हे वस्तीतल्या पोरांनाही ठाऊक असतं. मशेरीबद्दल तर आपण बोलतच नाही. "मी तंबाखू खात नाही, नुसती मशेरी लावते," असं आपल्या कितीतरी आया-मावश्या म्हणतात. मशेरी म्हणजे भाजलेली तंबाखूच.

सुपावर थांबू नका

सुपाने पोट भरेल, पण पुढच्या गोष्टी त्याने बऱ्या होणार नाहीत. यातलं एकही दिसलं तर दवाखाना गाठा:

जखम पंधरा दिवसांत भरली नाही, दुखत नसली तरीही. तोंडात पांढरा किंवा लाल चट्टा आहे. साधं तिखटही सोसत नाही आणि तोंड पूर्वीसारखं उघडत नाही, आपलीच तीन बोटं उभी आत जात नाहीत. गालात किंवा मानेला गाठ लागते. कारण नसताना दात हलतो. गिळताना अडकतं किंवा आवाज बदलला आहे.

तीस वर्षांवरच्या सगळ्यांसाठी सरकारी आरोग्य केंद्रात तोंडाच्या कॅन्सरची तपासणी होते. त्यात नुसतं तोंड उघडून आत पाहतात, सुई नाही, दुखणं नाही. तुमच्या आशाताईंना विचारा. आजार निघालाच तर महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत कॅन्सरच्या उपचारांची सोय आहे, रेशनकार्ड आणि आधारकार्ड घेऊन दवाखान्यातल्या आरोग्यमित्राला भेटा. तंबाखू सोडायची असेल तर 1800-11-2356 हा सरकारी फोन मोफत आहे.

आणि मामा?

त्या दिवसापासून गल्लीतल्या आम्ही पाचजणींनी वार वाटून घेतले. मामी सकाळी दवाखान्यात जायच्या, परत येईपर्यंत कुणा ना कुणाच्या घरी सूप तयार असायचं. पहिल्या दिवशी मामा तीनच चमचे प्यायले. आठवड्याभरात अर्धी अर्धी वाटी सहा वेळा जाऊ लागली. डॉक्टरांनी सांगितलं होतं की खाणं जमलं नाही तर काही दिवस नाकातून नळी घालावी लागेल. मामांना ती लागली नाही. पण कुणाला लागली तर घाबरू नका, नळी हाही जेवणाचाच एक रस्ता आहे. शेक मात्र मध्येच सोडू नका. खाडे पडले की उपचाराचा जोर कमी होतो.

मामांचे सगळे शेक पूर्ण झाले. आता ते मऊ भात खातात, तोंड थोडं कोरडं पडतं म्हणून पाण्याची बाटली जवळ ठेवतात, आणि नाक्यावरच्या पोरांना गाल दाखवून तंबाखू सोडायला सांगतात. मामींनी मशेरीचा डबा आमच्यासमोर मोरीत रिकामा केला.

आज एक काम करा. दिवसाउजेडी आरसा घ्या आणि घरातल्या प्रत्येकाचं तोंड पाहा. ओठ उलटून, दोन्ही गाल ओढून, जीभ वर करून, तिच्या दोन्ही कडा. पाच मिनिटं लागतात. मामांच्या गालात आम्ही वेळेवर पाहिलं असतं, तर ते तीन महिने वाया गेले नसते.