बाजारातील पावती आणि कायद्याचा कौल

आठवडी बाजारात पथारी मांडणाऱ्या विक्रेत्याकडून दर खेपेस घेतली जाणारी रक्कम इतकी किरकोळ असते, की ती कोणत्या अधिकाराने घेतली जाते हा प्रश्न सहसा कोणी विचारीत नाही. वस्तुतः राज्यघटना अमलात आल्यानंतरच्या पहिल्या दोन-तीन वर्षांत सर्वोच्च न्यायालयापुढे आलेल्या खटल्यांत भाजीबाजाराचेही खटले होते, आणि व्यवसायस्वातंत्र्याच्या कलमाला प्रत्यक्ष अर्थ प्राप्त करून देण्यात त्यांचा वाटा मोठा आहे.

कैराना आणि जलालाबाद ही उत्तर प्रदेशातील दोन गावे तेव्हा मुझफ्फरनगर जिल्ह्यात मोडत. कैराना नगरपालिकेने भाजीच्या घाऊक व्यापाराचा मक्ता एकालाच दिला आणि इतरांना परवाना मिळण्याची सोयच ठेवली नाही. हे बंधन न्यायालयाने १९५० साली अवाजवी ठरविले. जलालाबादच्या नगर समितीने भाजी व फळांच्या घाऊक विक्रीवर रुपयामागे एक आणा, म्हणजे सव्वासहा टक्के, फी बसविली आणि वसुली मक्तेदाराकडे सोपविली. समितीच्या जागेचा वापर करणाऱ्याकडून फी घेण्याचा अधिकार कायद्याने दिला होता; व्यापाऱ्याच्या उलाढालीत वाटा मागण्याचा नव्हे. १९५२ साली न्यायालयाने निर्वाळा दिला, की कायद्याचा आधार नसलेली फी हे व्यवसायस्वातंत्र्यावरील बेकायदा बंधन होय.

दुसरा प्रश्न फी आणि कर यांतील भेदाचा. कायद्याच्या अधिकाराविना कोणताही कर बसविता येणार नाही, असे घटनेचे २६५वे कलम सांगते. कर सार्वजनिक खर्चासाठी असतो, तर फी विशिष्ट सेवेचा मोबदला म्हणून घेतली जाते, हा भेद न्यायालयाने १९५४ साली स्पष्ट केला. पंजाबातील बाजार समित्यांनी शेकडा दोन रुपयांची फी तीन रुपयांवर नेली, तेव्हा १९७९ साली न्यायालयाने ती वाढ रद्द केली. फीच्या उत्पन्नाचा दोन-तृतीयांश ते तीन-चतुर्थांश इतका भाग तरी फी देणाऱ्यांच्या सेवेवर खर्च झाला पाहिजे, असा त्या निकालाचा रोख होता. पुढे १९८३ साली ही कसोटी सैल झाली. पैन् पैचा ताळमेळ नको, सेवा आणि फी यांत स्थूल संबंध दिसला तरी पुरे, असे ठरले. तरीही संबंधच नसेल तर काय, हा प्रश्न उरतोच. ज्या बाजारात पिण्याचे पाणी नाही, सावली नाही, स्त्रियांसाठी स्वच्छतागृह नाही, तेथे फी कशाची?

महाराष्ट्रात ग्रामपंचायतींना बाजारावर फी बसविण्याचा आणि तिची वसुली लिलावाने मक्त्यावर देण्याचा अधिकार १९५८च्या अधिनियमाने दिला आहे. म्हणजे वसुली मुळातच बेकायदा आहे, असे म्हणता येत नाही. स्थानिक संस्थांची अडचणही खरी आहे. जकात गेली; मुंबईतील जकातही १ जुलै २०१७ रोजी संपली, आणि उत्पन्नाची स्वतःची साधने आक्रसली. मक्त्यामुळे पंचायतीला ठराविक रक्कम निश्चित मिळते आणि वसुलीचा खर्च वाचतो.

पण या सोयीचे अर्थशास्त्र तपासले पाहिजे. लिलावात चढी बोली लावणाऱ्या मक्तेदाराला आपली रक्कम आणि वर नफा वसूल करावयाचा असतो. ठरलेल्या दरापेक्षा अधिक घेण्याचा आणि पावती टाळण्याचा मोह त्याला होतो, तो या व्यवस्थेतूनच. उलट, विक्रेत्याला न्याय मिळविण्याचा खर्च त्याच्या नुकसानीच्या कितीतरी पट असतो. काही रुपयांसाठी एक दिवसाचा धंदा बुडवून कचेरीत कोण जाईल? अन्याय अनेकांवर थोडाथोडा वाटला गेला, की तो न्यायालयापर्यंत पोहोचत नाही. जलालाबादचा दावा घाऊक व्यापाऱ्याने लावला होता, जुडीवर मेथी विकणाऱ्या बाईने नव्हे, ही गोष्ट पुरेशी बोलकी आहे.

तिच्या दृष्टीने पावतीला आणखीही एक अर्थ असतो. रस्त्यावर विक्री करणे हा मूलभूत हक्क आहे, परंतु अमुकच जागेवर हक्क सांगता येणार नाही, असे घटनापीठाने १९८९ साली म्हटले. तेव्हा रोज फी घेणाऱ्या संस्थेने उद्या तिला अतिक्रमण करणारी ठरविले, तर ‘मी येथे बसत होते’ याचा तिच्याजवळ दुसरा पुरावा कोणता? २०१४च्या पथविक्रेता अधिनियमाने ही उणीव काही अंशी भरून काढली. सर्वेक्षण होऊन प्रमाणपत्रे देईपर्यंत विक्रेत्यांना हटविता येत नाही, फी योजनेनुसार ठरवावी लागते, आणि नगर विक्रय समितीत किमान ४० टक्के सदस्य विक्रेत्यांनी निवडून दिलेले असतात. मात्र हा अधिनियम शहरांसाठी आहे. ग्रामपंचायतीच्या आठवडी बाजाराला त्याचे छत्र नाही.

यावर उपाय फार खर्चाचे नाहीत. मंजूर दरांचा फलक बाजाराच्या तोंडाशी लागावा, छापील व क्रमांकित पावतीविना वसुली करणाऱ्याचा मक्ता रद्द व्हावा, आणि बाजारातून आलेला पैसा व बाजारावर झालेला खर्च यांचा हिशेब दर वर्षी ग्रामसभेपुढे वाचला जावा. विक्रेत्याला फी देण्याचे वावडे नसते. तो रोज देतच असतो. आपण दिलेल्या पैशाचे काय झाले, हे विचारण्याचा अधिकार त्याला न्यायालयाची पायरी न चढता मिळाला, तर यातील बरेच तंटे बाजारातच मिटतील.