हरिहर : एका वेळी एकच माणूस

त्र्यंबकेश्वराच्या पश्चिमेला, घाटमाथ्याच्या काठावर हरिहरचा किल्ला आहे. उंची सुमारे १,१२० मीटर. पायथ्याच्या निरगुडपाड्याच्या शिवारातून पाहिलं तर पुढे भातखाचरं, त्यामागे झाडीचा उतार, उतारावर पठार आणि पठारावर एकसंध काळा कातळ. वर जायची वाट कुठेच दिसत नाही. पठार जवळ आलं की कातळाच्या पश्चिम धारेवर एक उभी रेघ दिसू लागते आणि त्या रेघेवर माणसं वर सरकताना दिसतात. ती रेघ म्हणजे हरिहरचा जिना. कड्यात कोरलेला, जेमतेम मीटरभर रुंद आणि इतका उभा की चढताना गुडघे पुढच्या पायरीला टेकतात.

या जिन्याचे फोटो आता घरोघरी मोबाइलवर पोहोचले आहेत. शनिवारी रात्री मुंबई, पुणे, नाशिकहून ट्रेकर्सच्या बसगाड्या निघतात, पहाटे पायथ्याशी लागतात आणि रविवारी संध्याकाळी परततात. एका दिवसात होणारा, मध्यम दमाच्या माणसालाही जमणारा, तरीही छातीत धडकी भरवणारा असा हा गड आहे. पण फोटोत फक्त उभेपणा दिसतो. ही वाट कुणी, कशासाठी आणि कोणत्या बेताने कोरली, हे कळायला तिथे जावं लागतं, तेही शक्यतो गावातल्या वाटाड्याला सोबत घेऊन.

घाटावरचा पहारा

कोकणातून जव्हार-मोखाड्याच्या बाजूने घाट चढून त्र्यंबक आणि पुढे नाशिकच्या बाजारपेठेकडे जाणाऱ्या वाटांपैकी एक गोंदा घाटाची. मालाचे बैल, व्यापारी, सैन्य याच वाटेने ये-जा करत. तिच्यावर नजर ठेवायला हरिहर आणि शेजारचा भास्करगड. या गडांची उभारणी यादवकाळापर्यंत मागे नेली जाते. पुढे हरिहर अहमदनगरच्या निजामशाहीकडे होता. १६३६ साली निजामशाही बुडाली, तेव्हा शहाजीराजांना जे किल्ले मोगलांचा सरदार खान जमान याच्या हवाली करावे लागले, त्यांत त्र्यंबक, त्रिंगलवाडी यांच्याबरोबर हरिहरही होता. १६७० मध्ये मोरोपंत पिंगळ्यांनी तो स्वराज्यात आणला. संभाजीराजांच्या अखेरच्या काळात, १६८९ मध्ये, तो पुन्हा मोगलांकडे गेला.

१८१८ च्या वसंतात इंग्रजांनी त्र्यंबकगड घेतला आणि आसपासचे १७ किल्ले लढाईशिवाय त्यांच्या हाती आले. हरिहर त्यांतलाच एक. तो पाहायला आलेल्या कॅप्टन ब्रिग्जने लिहून ठेवलेलं वर्णन पुढे नाशिकच्या गॅझेटिअरमध्ये छापलं गेलं. अनेक किल्ले पाहिलेला हा अधिकारी इथल्या चढणीचा उभेपणा शब्दांत सांगता येणार नाही असं म्हणतो आणि शेवटी भिंतीला टेकवलेल्या शिडीची उपमा देतो.

त्या काळात इंग्रजांनी सह्याद्रीतल्या कितीतरी गडांच्या वाटा सुरुंग लावून तोडल्या. अलंग-मदनच्या तुटलेल्या पायऱ्यांपाशी आज दोर लावल्याशिवाय पुढे जाता येत नाही. हरिहरचा जिना मात्र शाबूत राहिला. तो पाहून ब्रिग्जचं मन वळलं, असं गडावर नेहमी सांगितलं जातं. कारण काहीही असो, मध्ययुगातली ही वाट कोरणाऱ्यांनी सोडली तशीच आपल्या पावलांखाली येते, हे आपलं भाग्य आहे.

पाड्यापासून पठारापर्यंत

गडाला दोन वाटा. त्र्यंबककडून हर्षेवाडीला आलं तर चढ कमी, कारण वाडीच उंचावर आहे. निरगुडपाड्याची वाट लांब, दमवणारी, पण अधिक देखणी. दोन-अडीच तासांची ही चढण झाडीतून, मग मोकळ्या सोंडेवरून वर येते. दोन्ही वाटा जिन्याखालच्या पठारावर एकत्र होतात.

पाड्यातला वाटाड्या घ्यावा, तो वाट चुकेल म्हणून नव्हे. वाट मळलेली आहे, सुट्टीच्या दिवशी तर पुढच्याच्या पाठीमागे चालत राहिलं तरी माणूस पोहोचतो. वाटाड्या लागतो तो डोंगर वाचायला. कोणत्या ढगाने पाऊस येणार, कोणती पायरी ओली राहते, समोरच्या घोळक्याला आधी उतरू द्यायचं की आपण चढायचं, हे त्याला न विचारता कळतं. हा सगळा मुलूख प्रामुख्याने आदिवासी वस्तीचा. पावसाळ्यात खाचरांत भात, उतारांवर नागली आणि वरई. गुरांमागे, लाकूडफाट्याला लहानपणापासून याच सोंडांवर फिरलेल्या पोरांना आता वाटाडेपणाने, जेवण रांधून देण्याने, पठारावर ताक आणि लिंबू सरबत विकण्याने चार पैसे मिळतात. पायथ्याच्या घरी सांगून ठेवलं तर उतरल्यावर गरम भाकरी, पिठलं आणि ठेचा मिळतो. त्या जेवणाचे पैसे थेट गावात राहतात.

पावसाळा सरताना या पठारावर सोनकी फुलते आणि सगळा माळ पिवळा होतो. बसायची, श्वास सावरायची, पाण्याचा घोट घ्यायची हीच जागा. इथून पुढे थांबायला जागा नाही.

जिना

हरिहरचा कातळ त्रिकोणी ठोकळ्यासारखा आहे. तिन्ही अंगं आणि दोन धारा सरळ तुटलेल्या. तिसरी, पश्चिमेची धार तेवढी किंचित कललेली, साधारण ७५ अंशांची. कोरणाऱ्यांनी नेमकी हीच धार हेरली. दख्खनचा बेसाल्ट कठीण दगड आहे. त्यात छिन्नी-हातोड्याने सलग पायऱ्या काढणं आणि त्याही एकाखाली एक नेमक्या बसतील अशा, हे काम डोंगराची नस ओळखणाऱ्या पाथरवटांचं आहे. त्यांची नावं कुठे लिहिलेली नाहीत.

पायऱ्यांच्या दोन्ही कडांना खोबण्या आहेत. हात घातला की बोटं आतल्या कडेवर घट्ट बसतात. पायरीची उंची आणि खोबणीचं अंतर माणसाच्या अंगाला जुळवून घेतलेलं आहे. डावा हात सुटतो तेव्हा उजव्याला आधार असतो, पाय उचलतो तेव्हा दोन्ही हात धरलेले असतात. वाटाड्या खालून एकच गोष्ट पुन्हा पुन्हा सांगत राहतो. “ताई, तीन ठिकाणी आधार पाहिजे, मगच चौथा हलवायचा. घाई नाही. गड कुठं जात नाही.”

या जिन्यावर घाई करताच येत नाही. तो तसाच बेतलेला आहे. एका वेळी एक माणूस, दोन्ही हात गुंतलेले, पाठ दरीकडे, नजर दगडावर. असा चढणारा शत्रू तलवार उपसू शकत नाही, ढाल धरू शकत नाही, शेजारच्याची मदत घेऊ शकत नाही. वर दरवाजात मूठभर शिबंदी असली तरी खालची फौज अडून पडते. जिन्याची अरुंदी आणि उभेपणा हाच गडाचा तट. म्हणूनच ही वाट दुर्गरचनेत इतकी मोलाची ठरते.

पहिला टप्पा संपतो तो लहानशा दरवाजात. तिथे वळून खाली पाहिलं की पायऱ्या दिसतच नाहीत, थेट पठार दिसतं. हा क्षण प्रत्येकाला आपापल्या परीने झेलावा लागतो. कुणी हसतं, कुणी गप्प होतं, कुणी खांबाला हात लावून उभं राहतं.

कड्याच्या पोटातून

बहुतेकांना वाटतं, दरवाजा आला म्हणजे गड आला. खरी गंमत इथून पुढे. दरवाजातून वाट कड्याच्या पोटात शिरते. डोक्यावर कातळाचं छत, एका बाजूला भिंत, दुसऱ्या बाजूला मोकळी दरी, आणि मध्ये वाकून चालावं लागेल एवढीच जागा. कडा आतल्या अंगाने कोरून काढलेली ही आडवी वाट जिन्याइतकीच धाडसी आहे, पण फोटोत फारशी येत नाही. पावसाळ्यात छताच्या कडेवरून पाण्याच्या धारा दरीत पडत असतात.

या वाटेचाही हिशेब आहे. जिना चढून दमलेला माणूस दरवाजा फोडून आत आलाच, तर त्याला कंबरेत वाकून, एकामागे एक, उघड्या दरीच्या कडेने सरकावं लागणार आणि पुढे लगेच पायऱ्यांचा दुसरा टप्पा. तोही उभा, तोही खोबण्यांचा, आणि काही ठिकाणी पहिल्यापेक्षा अडचणीचा. शेवटच्या पायऱ्या चढून माणूस माथ्यावर येतो, तेव्हा गडाने त्याला तीन वेळा पारखलेलं असतं.

माथा

वर सपाटी फार मोठी नाही. हनुमानाचं आणि महादेवाचं ठाणं, पुढे पाण्याचं तळं, त्याच्या पलीकडे दगडी इमारत. गडावरची छपरासकट शाबूत राहिलेली वास्तू हीच. आत दोन खोल्या, दार इतकं लहान की अंग चोरून शिरावं लागतं. हे दारूकोठार किंवा धान्यकोठार असावं असं मानतात. गडावर माकडं पुष्कळ. हातात खाऊ दिसला की ती जवळ येतात, म्हणून डबा पिशवीतच ठेवावा आणि त्यांना काही देऊ नये.

सर्वांत उंच जागी जायला आणखी एक छोटा खडक चढावा लागतो. तिथून मुलूख उलगडतो. पश्चिमेला भास्करगड, पूर्वेला ब्रह्मगिरी आणि अंजनेरी, अवतीभोवती फणी डोंगर, उतवड. दक्षिणेला वैतरणा जलाशयाचं पसरलेलं पाणी. ब्रह्मगिरीवर उगम पावणारी गोदावरी पूर्वेला हजारो गावं भिजवत बंगालच्या उपसागराकडे जाते, आणि याच परिसरातली वैतरणा पश्चिमेला वाहत अरबी समुद्राला मिळते. देशाच्या दोन समुद्रांकडे जाणारं पाणी इथे शेजारी शेजारी वाटेला लागतं. घाटावर पहारा बसवायला हीच जागा का निवडली, हे इथे उभं राहिल्यावर वेगळं सांगावं लागत नाही.

हरिहरच्या एका सरळ कड्याला गिर्यारोहक ‘स्कॉटिश कडा’ म्हणतात. १९७५ साली एव्हरेस्टच्या नैऋत्य भिंतीवरून पहिल्यांदा शिखर गाठणाऱ्या दोघांपैकी एक, डग स्कॉट, १९८६ च्या नोव्हेंबरमध्ये इथे आले आणि सुमारे १७० मीटरचा तो कडा त्यांच्या चमूने चढला. त्याला जवळपास दोन दिवस लागले. जगातल्या सर्वांत उंच डोंगरावर गेलेल्या माणसाचाही सह्याद्रीच्या या तुकड्याने कस पाहिला.

उतरताना

हरिहरची परीक्षा उतरताना असते. तोंड दगडाकडे करून, खोबण्या धरत, पायाने खालची पायरी चाचपत उतरायचं. वाटाड्या इथे आधी खाली जातो आणि पाय कुठे ठेवायचा ते एकेका पायरीला सांगतो. घाबरलेल्या माणसाच्या टाचेला हात लावून तो पाय बरोबर पायरीवर टेकवतो. अशा वेळी त्याच्या आवाजातला शांतपणा कोणत्याही साधनापेक्षा उपयोगी पडतो.

अवघड होतं ते गर्दीने. मीटरभर रुंदीच्या जिन्यावर चढणारे आणि उतरणारे समोरासमोर आले की कुणालाच बाजूला व्हायला जागा नसते. पावसाळ्यातल्या शनिवार-रविवारी शेकडो माणसं या धारेवर ताटकळतात. पायऱ्यांवरून पाणी वाहत असतं, मागे गर्दीचा रेटा, खाली दरी. एकाचा पाय सुटला तर त्याच्या खालचे सगळे धोक्यात येतात. शत्रूला एकेकटं गाठण्यासाठी केलेली रचना आज जत्रेच्या गर्दीला झेपणार नाही, ती त्यासाठी केलेलीच नाही. म्हणून प्रशासन किंवा वनखातं प्रवेशावर निर्बंध घालतं तेव्हा त्याचा राग मानू नये. जिन्याने पहिल्यापासून जे सांगितलं, तेच त्या नियमात आहे.

जायचं असेल तर

ऑक्टोबर ते फेब्रुवारी हा काळ उत्तम. दगड कोरडा, हवा स्वच्छ, नजर लांबवर पोहोचते. शक्य असेल तर आठवड्याच्या मधला दिवस निवडावा आणि पहाटे चढायला लागावं. मुंबईहून लोकलने कसारा आणि पुढे जीप, किंवा नाशिकहून त्र्यंबकमार्गे रस्ता. पक्की पकड असलेले बूट, पाठीला घट्ट बसणारी पिशवी, माणशी निदान दोन लिटर पाणी. खांद्यावर लोंबणारी पर्स, गळ्यात झुलणारा कॅमेरा जिन्यावर नको. पायऱ्यांवर सेल्फी नको, वर जाऊन हवे तेवढे फोटो काढावेत. उंचीची फार भीती असेल त्याने पठारापर्यंत जाऊन जिना पाहावा, त्यात कमीपणा नाही. संस्थेबरोबर जात असाल तर एका तुकडीत किती माणसं आहेत आणि गावातला वाटाड्या सोबत आहे का, हे निघण्याआधी विचारावं. नाहीतर थेट पाड्यात जाऊन वाटाडे मामांना हाक मारावी आणि त्यांची मजुरी घासाघीस न करता द्यावी.

आणि जिन्याखाली पोहोचल्यावर वरून कुणी उतरत असेल, तर थांबावं. तो खाली येईपर्यंत मागच्यांनाही थांबवावं. १८१८ च्या सुरुंगांतून वाचलेल्या पायऱ्यांची झीज आता आपल्याच बुटांनी होते आहे, आणि तिथल्या माणसांचा जीव आपल्याच धीरावर अवलंबून आहे. एका वेळी एकच माणूस, हा या वाटेचा सर्वांत जुना नियम. तो कोरणाऱ्यांनी दगडातच करून ठेवला आहे, आपण फक्त पाळायचा.