चिंच-गुळाचे खिमा गोळे : पार्टीची ऑर्डर घ्यायची तर अशी घ्या



गेल्या काही बैठकांत एकच प्रश्न वेगवेगळ्या गावांत ऐकला. "ताई, चपाती-भाजीची ऑर्डर आम्ही घेतो, लाडू-चिवड्याची घेतो. पण आता जावळाला, वाढदिवसाला, रिटायरमेंटच्या जेवणाला लोक स्टार्टर मागतात. ते काय द्यायचं?"

स्टार्टर म्हणजे जेवणाआधी हातात धरून एक-दोन घासांत संपणारा पदार्थ. आपली कोथिंबीर वडी, कांदा भजी हे स्टार्टरच आहेत की! पण मटण-चिकनच्या जेवणाला माणसं तसंच काहीतरी मागतात. त्यासाठी खिम्याचे आंबट-गोड गोळे चांगले. करायला सोपे, आधी तयार करून ठेवता येतात, टूथपिक टोचून दिले की ताट-वाटीही लागत नाही.

पण आधी एक गोष्ट सांगते. सांगली जिल्ह्यातल्या आपल्या एका गटानं शंभर माणसांची ऑर्डर घेतली होती. माणशी ३ गोळे, एकूण ३००. दर लावला १२ रुपये गोळा. चव सगळ्यांना आवडली. पण काही गोळे रसात फुटले, वाढायला उशीर झाला, आणि खर्च वजा करून चौघींच्या हाती प्रत्येकी ७५ रुपये आले. पाच तासांच्या कामाचे. त्यातली एक ताई म्हणाली, "यापेक्षा खुरपायला गेले असते तर बरं झालं असतं." तो हिशेब मीही आधी बघितला नव्हता, म्हणून ते वाक्य मला लागलं. या लेखात कृती तर देतेच, पण हिशेबही देते.

गोड कुठनं आणायचं?

अमेरिकेत घरगुती पार्ट्यांना असे गोळे करतात, तेव्हा त्यात चक्क द्राक्षाचा जॅम आणि मिरचीचा तयार सॉस घालतात. ऐकून हसू येईल, पण विचार करा. द्राक्षाचा गोडवा आपल्याकडे तासगावच्या बेदाण्यात आहे. सांगलीच्या बेदाण्याला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, सांगलीच्या हळदीला २०१८ मध्ये. गूळ आपल्याकडचा, चिंच बांधावरची, आणि तिखटाला घरची कांदा-लसूण चटणी. कटाच्या आमटीत चिंच-गूळ घालणारा आपला हात आहे, त्याला आंबट-गोड नवीन नाही. बाटलीतला महागडा सॉस विकत आणायची गरज नाही.

साहित्य (५० गोळ्यांसाठी)

गोळ्यांसाठी :
- चिकनचा किंवा मटणाचा बारीक खिमा – १ किलो
- कांदे – २ मध्यम, अगदी बारीक चिरून, पाणी पिळून
- फुटाण्याच्या डाळीचं (डाळ्याचं) पीठ – ६० ग्रॅम, म्हणजे साधारण अर्धी वाटी
- अंडं – १
- आलं-लसूण-हिरवी मिरची वाटण – ३ चमचे
- कोथिंबीर – मूठभर, बारीक चिरून
- हळद – अर्धा चमचा
- कांदा-लसूण चटणी – २ चमचे
- मीठ – चहाचे २ सपाट चमचे
- भाजायला तेल

रसासाठी :
- चिंच – ५० ग्रॅम
- गूळ – १५० ग्रॅम
- बेदाणे – ७५ ग्रॅम
- आलं-लसूण पेस्ट – १ चमचा
- कांदा-लसूण चटणी – २ चमचे
- जिरेपूड – १ चमचा
- तेल २ चमचे, मीठ चवीपुरतं, पाणी साधारण २ वाट्या

कृती

१. चिकन किंवा मटण आधी धुऊन, निथळून मग खिमा करून घ्या. खिमा झाल्यावर धुवायचा नाही. धुतला की पाणी धरतो आणि गोळा बसत नाही. दुकानदाराला सांगा, आमच्यासमोर करून द्या आणि मशीन आधी धुऊन घ्या. मटणाचा खिमा दोनदा काढून घ्या, नाहीतर गोळा चावट लागतो.

२. मीठ घालून खिमा हातानं दोन-तीन मिनिटं एकाच दिशेनं मळा. तो चिकट झाला की बाकीचं सगळं घाला. चिकट झालेला खिमाच गोळ्याला धरून ठेवतो, डाळ्याचं पीठ फक्त जास्तीचं पाणी ओढून घेतं. आमच्या त्या ऑर्डरचे गोळे फुटले ते याच कारणानं : कांदा पिळला नव्हता आणि खिमा नुसता कालवला होता.

३. मिश्रण झाकून अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवा. मग एक छोटा गोळा करून तव्यावर भाजून चाखा. मीठ-तिखट इथंच कळतं. कच्चा खिमा चाखायचा नाही.

४. हाताला तेल लावून लिंबापेक्षा लहान, २५ ग्रॅमचे गोळे करा. पहिले चार-पाच काट्यावर तोला, मग हाताला अंदाज येतो. एक मोठा, एक लहान असा झाला तर एक शिजतो आणि दुसरा कच्चा राहतो. शिवाय गिऱ्हाईकही मोजून घेतं!

५. इडलीपात्राला किंवा मोदकपात्राला तेल लावा. पाणी खळखळ उकळल्यावर गोळे एकमेकांना न चिकटतील असे मांडून वाफवा. चिकनचे १५ मिनिटं, मटणाचे २० मिनिटं.

६. वाफवलेले गोळे लोखंडी तव्यावर थोड्या तेलात फिरवून तांबूस करा. वाफवून घेतल्यामुळं तेल कमी लागतं आणि आत कच्चं राहायची भीती जाते.

७. रस : चिंच आणि बेदाणे गरम पाण्यात वेगवेगळे अर्धा तास भिजवा. चिंचेचा कोळ गाळून घ्या, बेदाणे मिक्सरमधून बारीक करा. तेलात आलं-लसूण परतून गॅस बारीक करा, चटणी आणि जिरेपूड घाला, लगेच कोळ, बेदाण्याचं वाटण, गूळ, मीठ आणि उरलेलं पाणी घाला. उकळू द्या. पळी बुडवून तिच्या पाठीवर बोटानं रेघ ओढा. रेघ मिटली नाही की रस झाला. गूळ गार झाल्यावर आणखी घट्ट होतो, म्हणून थोडा सैल असतानाच उतरवा.

८. वाढायच्या दहा मिनिटं आधी रस पुन्हा उकळा, गोळे घालून हलक्या हातानं घोळवा. गोळ्यावर रसाचा चकचकीत थर बसला पाहिजे, गोळा रसात पोहता कामा नये.

चिंच जुनी-नवी कशी आहे यावर आंबटपणा बदलतो. म्हणून कोळ एकदम सगळा ओतू नका, चाखत घाला.

खिम्याला जास्त जपायचं का?

मटणाच्या अख्ख्या तुकड्यावर जंतू असले तर ते बहुतेक बाहेरच्या बाजूला असतात, भाजलं की मरतात. खिमा करताना मात्र बाहेरचं सगळं आत मिसळतं. म्हणून खिम्याचा गोळा मधोमध पूर्ण शिजला पाहिजे. चिकनच्या गोळ्याचा मधला भाग ७४ अंश सेल्सिअसपर्यंत तापायला हवा. ऑर्डर नेहमी घेणार असाल तर अन्नात खुपसायचा छोटा थर्मामीटर गटासाठी घ्या. तो नसेल तर वाफवायची वेळ घड्याळ लावून पाळा आणि प्रत्येक घाण्यातला सगळ्यात मोठा गोळा कापून बघा. आत गुलाबी दिसला किंवा लालसर पाणी सुटलं तर पूर्ण घाणा परत वाफेला.

दुसरी गोष्ट वेळेची. शिजलेलं अन्न ५ ते ६० अंशांच्या मध्ये राहिलं की जंतू भराभर वाढतात. तयार गोळे दोन तासांपेक्षा जास्त वेळ तसेच बाहेर ठेवू नका. आदल्या दिवशी करायचे असतील तर पसरट ताटात गार करून दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये गेले पाहिजेत. रात्री लाईट जाण्याचा भरवसा नसेल तर आदल्या दिवशी करूच नका, पहाटे करा. गोळे आणि रस वेगवेगळ्या डब्यांत न्या आणि कार्यक्रमाच्या जागी गॅसवर एकत्र करा. कच्च्या खिम्याची पाटी, सुरी, हात साबणानं धुतल्याशिवाय कोथिंबिरीला लावायचे नाहीत. जावळाच्या जेवणाला लहान लेकरं असतात. एक जण जरी आजारी पडलं तरी गटाचं नाव जातं, आणि लेकराचे हाल होतात ते वेगळंच.

आता हिशेब

भाव गावागणिक बदलतात, म्हणून हे आकडे फक्त उदाहरणाचे समजा. ३०० चिकन गोळे, खिमा ६ किलो :

- खिमा, किलोला ३०० रुपये धरून – १,८००
- मसाला, गूळ, बेदाणे, अंडी वगैरे – ७००
- तेल – २५०
- गॅस – १५०
- गाडीभाडं – २००
- डबे, टूथपिक, कागदी प्लेट – २००
- एकूण – ३,३०० रुपये

त्या गटानं ३,६०० रुपये घेतले आणि ३०० रुपये उरले. चौघींत वाटले, ७५ आले. चूक कुठं झाली? मजुरी धरलीच नव्हती. चौघींचे पाच-पाच तास म्हणजे २० तास. तासाला ६० रुपये धरले तर १,२०० रुपये. आता खर्च झाला ४,५००, म्हणजे गोळा १५ रुपयांना पडला. त्यावर गटाच्या निधीसाठी १५ टक्के, ६७५ रुपये. एकूण ५,१७५. भागिले ३०० केलं की सव्वासतरा रुपये येतात. म्हणजे दर १८ रुपये पाहिजे होता.

"घरचंच तर काम आहे" असं म्हणून आपण आपली मजुरी सोडून देतो. स्वयंपाकी बोलावला असता तर त्यानं सोडली असती का? तुमच्या गावात खुरपणीचा रोज काय आहे ते बघा, त्याखाली जाऊ नका. मटणाची ऑर्डर असेल तर पुन्हा नव्यानं हिशेब मांडा, चिकनच्या दरात मटण देऊ नका. आणि ऑर्डर घेताना निम्मे पैसे आगाऊ घ्या, खिमा त्यातनंच येतो.

आणखी दोन-तीन गोष्टी

गटात माळकरी ताया असतात. त्यांना हिशेब, बांधणी, वाटपाची यादी अशी कामं द्या, जबरदस्ती नको. भांडी वेगळी ठेवा, लाडू-चिवड्याच्या कढईत खिमा नको. शाकाहारी पाहुण्यांसाठी उकडून, पिळून, वाटलेल्या सोयावडीचे गोळे याच रसात घोळवता येतात, फक्त कढई आणि पळी वेगळी. त्यात अंड्याऐवजी उकडलेला बटाटा घाला. मांसाहारी गोळ्यांत अंडं आहे हे ऑर्डर घेतानाच सांगा.

अन्न विकायचं म्हटलं की छोट्या गटालाही अन्न सुरक्षा कायदा २००६ प्रमाणे नोंदणी लागते. अर्ज ऑनलाइन होतो. ज्यांची नोंदणी नाही त्यांनी पुढच्या बैठकीला आधार कार्ड आणि फोटो घेऊन या, आपण सोबत बसून भरू.

आणि पहिली ऑर्डर शंभर माणसांची घेऊ नका. आधी गटाच्या बैठकीत ५० गोळे करून बघा. किती वेळ लागला, किती खर्च आला, किती फुटले, हे वहीत लिहा. ती वही मला दाखवा. दर त्या वहीवरनं ठरवू, समोरच्याच्या तोंडाकडं बघून नाही.

तुमची,
क्षेत्र समन्वयक