उमरठचा तानाजी आणि मागचे झीलकरी

पोलादपूर तालुक्यातलं तानाजीचं उमरठ घराघरात पोचवण्यात शाहीर तुळशीदासांच्या पोवाड्याचा मोठा वाटा आहे. पण पोवाडा एकट्याचा नसतो. शाहीर डफावर थाप मारून कडवं सोडतो, तुणतुणं-झांजवाले झीलकरी 'जी जी' उचलतात. तेवढ्यात शाहिराला दम मिळतो. तो अडखळला तर तेच सावरून घेतात. कुणी म्हणेल, घोरपडीला दोर बांधून तानाजीचे मावळे गड चढले, या कथेला समकालीन कागदांचा आधार नाही. खरंय, तिला इतिहास मानू नये. पण ४ फेब्रुवारी १६७० ची सिंहगडची झुंज अक्षरं न येणाऱ्यांनाही ठाऊक राहिली, ती गळ्यांमुळे. अ‍ॅक्वर्थ-शाळिग्रामांचा पोवाडेसंग्रह छापून आला तो थेट १८९१ मध्ये!