घरबांधणीचे दीर्घ मुदतीचे कर्ज : खरा खर्च कसा काढावा?

सोयाबीनचा किंवा कपाशीचा एकरी खर्च विचारला तर बियाणे, खते, फवारणी, मजुरी, काढणी असा हिशेब आपण बोटावर मांडून दाखवता. कृषी विद्यापीठात पिकाचा उत्पादन खर्च काढताना तर खेळत्या भांडवलावरील व्याजदेखील धरले जाते. घर बांधताना मात्र असा हिशेब क्वचितच होतो. विटा, सिमेंट, सळई आणि गवंड्याची मजुरी यांचा अंदाज घेतला जातो, उरलेल्या रकमेसाठी कर्ज काढले जाते आणि "महिन्याला हप्ता किती?" एवढाच प्रश्न बँकेत विचारला जातो. हप्ता झेपण्यासारखा वाटला की सही होते. हप्ता किती महिने भरायचा आणि सगळे हप्ते मिळून किती रक्कम जाते, हा हिशेब राहून जातो. तो कसा करावा, हे या लेखात सोप्या उदाहरणांनी दिले आहे.

मुद्दलापेक्षा व्याज जास्त कसे होते?

दामदुपट हा शब्द आपल्याला नवा नाही. व्याज मुद्दलापेक्षा जास्त घेऊ नये, असा हा जुना दंडक आहे. महाराष्ट्र सावकारी नियमन कायदा, २०१४ मध्येही सावकारी कर्जासाठी तो आहे. बँकेच्या कर्जाचा हिशेब वेगळा असतो. तेथे दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर व्याज लागते आणि ते हप्त्यातून वसूल होते. व्याज साठून राहत नाही, परंतु वीस वर्षांत भरलेल्या व्याजाची बेरीज केली तर ती मुद्दलाच्या पुढे जाते.

उदाहरणादाखल १० लाख रुपये कर्ज आणि द. सा. द. शे. ९ टक्के व्याजदर धरू. प्रत्यक्ष दर बँकेनुसार व काळानुसार कमी-जास्त असेल, पण हिशेबाची रीत तीच राहील.

तक्ता क्र. १ : १० लाख रुपये कर्ज, व्याजदर ९ टक्के

| मुदत | मासिक हप्ता (रु.) | एकूण परतफेड (रु.) | त्यांपैकी व्याज (रु.) |
|---|---|---|---|
| १० वर्षे | १२,६६८ | १५,२०,१०९ | ५,२०,१०९ |
| १५ वर्षे | १०,१४३ | १८,२५,६८० | ८,२५,६८० |
| २० वर्षे | ८,९९७ | २१,५९,३४२ | ११,५९,३४२ |

तक्त्यावरून दिसून येते की, १५ वर्षांऐवजी २० वर्षांची मुदत घेतली तर हप्ता महिन्याला सुमारे १,१४६ रुपयांनी कमी होतो, परंतु एकूण व्याज ३ लाख ३३ हजारांहून अधिक वाढते. म्हणजेच हप्ता लहान दिसला म्हणून कर्ज स्वस्त झाले असे समजू नये.

घरी अंदाज काढण्यासाठी एक सोपा आडाखा लक्षात ठेवावा. ९ टक्के दराने दर लाखामागे मासिक हप्ता १० वर्षांसाठी सुमारे १,२६७ रुपये, १५ वर्षांसाठी १,०१४ रुपये आणि २० वर्षांसाठी ९०० रुपये येतो. त्याला कर्जाच्या लाखांनी व हप्त्यांच्या संख्येने गुणले की एकूण परतफेड मिळते.

पहिल्या वर्षांत मुद्दल का हलत नाही?

२० वर्षे मुदतीच्या कर्जात पहिल्या महिन्याचे व्याज ७,५०० रुपये होते. ८,९९७ रुपयांच्या हप्त्यातून ते वजा केले की मुद्दलापोटी केवळ १,४९७ रुपये जमा होतात. पहिल्या पूर्ण वर्षात १,०७,९६७ रुपये भरूनही मुद्दल फक्त १८,७२७ रुपयांनी कमी होते. पुढे शिल्लक जसजशी घटते तसतसा व्याजाचा वाटा कमी व मुद्दलाचा वाटा जास्त होत जातो.

दहा वर्षे, म्हणजे निम्मी मुदत, नियमित हप्ते भरल्यानंतरही ७,१०,२५९ रुपये मुद्दल शिल्लक असते. निम्मे मुद्दल फिटायला १४ वर्षे लागतात. "इतकी वर्षे भरतोय तरी बाकी तेवढीच कशी?" अशी तक्रार अनेकदा कानावर येते, तिचे कारण हेच आहे. यात बँकेची चूक नसते, कर्जाची रचनाच तशी असते.

जादा भरणा लवकर करावा

पिकात तण लहान असताना एक खुरपणी जे काम करते, ते तण फुलोऱ्यावर आल्यानंतर दोन खुरपण्यांनीही होत नाही. कर्जाच्या बाबतीतही हाच न्याय लागू पडतो. वरील कर्जात पहिल्या वर्षाच्या अखेरीस ५० हजार रुपये जादा भरून हप्ता तोच ठेवला, तर पुढील व्याजात जवळजवळ २ लाख रुपयांची बचत होते. तेच ५० हजार पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरले तर बचत सुमारे २६ हजार रुपयेच होते. रक्कम तीच, परंतु वेळ चुकली.

एकरकमी मोठी रक्कम सर्वांनाच शक्य नसते. अशा वेळी दरवर्षी माल विकल्यावर किंवा उसाचे बिल जमा झाल्यावर १० हजार रुपये जादा भरण्याचा नेम ठेवावा. त्यामुळे २० वर्षांचे कर्ज १६ वर्षे ३ महिन्यांत फिटते. एकंदर व्याजात सुमारे २ लाख ५१ हजार रुपयांची बचत होते.

व्यक्तीने घेतलेल्या बदलत्या व्याजदराच्या गृहकर्जावर मुदतीपूर्वी परतफेड केली म्हणून बँकांना दंड आकारता येत नाही. रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्ये तसे निर्देश दिले आहेत. जादा रक्कम भरताना "ही रक्कम मुद्दलात जमा करून मुदत कमी करावी" असे लेखी द्यावे व पोच घ्यावी. नाही तर मुदत तीच ठेवून हप्ता कमी केला जाण्याची शक्यता असते. त्यात व्याजाची बचत बरीच कमी होते.

मात्र पिकाचे भांडवल मोडून घरकर्ज फेडू नये. मुदतीत परतफेड केल्यास ३ लाख रुपयांपर्यंतचे पीककर्ज केंद्राच्या व्याज सवलतीमुळे ४ टक्के दराने पडते, थकले तर ही सवलत जाते. म्हणून पीककर्ज प्रथम वेळेवर भरावे. तसेच खते-बियाण्यांसाठी महिन्याला दोन-तीन टक्क्यांनी हातउसने घ्यावे लागणार असेल, तर ९ टक्क्यांचे कर्ज लवकर फेडण्यात काहीच फायदा नाही.

व्याजदर बदलला तर काय होते?

बँकांची बहुतेक गृहकर्जे बदलत्या व्याजदराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी दिलेली अशी नवीन कर्जे रेपो दरासारख्या बाहेरील दराशी जोडलेली आहेत. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर गेला, तेव्हा अनेक कर्जदारांचा हप्ता तोच राहिला, पण मुदत मात्र वाढत गेली.

वरील उदाहरणात सुरुवातीलाच दर ९ वरून १० टक्के झाला असे समजू. हप्ता ८,९९७ रुपयेच ठेवला तर कर्ज २० ऐवजी २६ वर्षांहून अधिक काळ चालते आणि एकूण परतफेड सुमारे २८ लाख २६ हजार रुपयांवर जाते. याउलट हप्ता ६५३ रुपयांनी वाढवून ९,६५० रुपये केला तर मुदत २० वर्षेच राहते व एकूण परतफेड २३ लाख १६ हजार रुपये होते. म्हणजे महिन्याला ६५३ रुपये वाचविण्यापायी शेवटी ५ लाखांहून अधिक रुपये जातात.

रिझर्व्ह बँकेच्या ऑगस्ट २०२३ मधील निर्देशांनुसार दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हा पर्याय कर्जदाराला दिला पाहिजे. दर तिमाहीस खात्याचे विवरणही मिळाले पाहिजे. बँकेचा संदेश न वाचता बाजूला ठेवू नये. शक्य असेल तर हप्ता वाढवून घ्यावा.

हप्त्यात न दिसणारे खर्च

१) सरळ व्याज : काही ठिकाणी "९ टक्के फ्लॅट" असा दर सांगतात. यात संपूर्ण मुदतभर मूळ रकमेवरच व्याज लावले जाते. १० लाखांवर १० वर्षांचे व्याज ९ लाख आणि हप्ता १५,८३३ रुपये होतो. घटत्या शिलकेच्या हिशेबाने हा दर सुमारे साडेचौदा टक्के पडतो. म्हणून दर सांगितल्यावर तो घटत्या शिलकेवर आहे काय, हे प्रथम विचारावे.

२) विम्याचा हप्ता : कर्जदाराचा विमा उतरविणे चांगले, परंतु विम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळविला तर त्यावरही व्याज चढते. २५ हजार रुपयांचा हप्ता २० वर्षांच्या कर्जात मिळविल्यास तो ५३,९८४ रुपयांना पडतो. शक्यतो तो रोख भरावा.

३) बांधकाम काळातील व्याज : कर्ज पाया, लिंटेल, स्लॅब अशा टप्प्यांनी मिळते. त्या काळात उचललेल्या रकमेवर केवळ व्याज भरावे लागते, मुद्दल फिटत नाही. ५ लाख रुपये उचलून काम वर्षभर रखडले तर ४५ हजार रुपये नुसते व्याजात जातात. यासाठी सुगीनंतर काम सुरू करून पावसाळ्यापूर्वी संपेल असे नियोजन करावे.

४) किरकोळ आकार : प्रक्रिया शुल्क, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन व गहाणखताचे मुद्रांक शुल्क यांची बेरीज करून ती कर्जाच्या खर्चात धरावी.

५) प्राप्तिकर : पगारदाराला गृहकर्जाच्या व्याजावर काही अटींवर करसवलत मिळू शकते. ज्याचे उत्पन्न केवळ शेतीचे आहे त्याला मुळात या उत्पन्नावर प्राप्तिकरच नसतो, त्यामुळे या सवलतीचा उपयोग होत नाही. नोकरदार भावाचा हिशेब आपल्याला जसाच्या तसा लावू नये.

हप्त्याचे वेळापत्रक

शेतीचे उत्पन्न हंगामी, तर हप्ता मासिक, ही शेतकऱ्याची खरी अडचण आहे. दुधाचे किंवा नोकरीचे नियमित उत्पन्न असेल तर मासिक हप्ता सोयीचा होतो. नसेल तर सहामाही किंवा वार्षिक हप्त्याची सोय आहे काय, हे विचारावे. मासिक व्याज आकारणी असताना वर्षातून एकदाच भरणा केला तर वरील कर्जात वर्षाला १,०७,९६७ ऐवजी १,१२,५३४ रुपये, म्हणजे ४,५६७ रुपये जास्त भरावे लागतात. हप्ते थकून दंड लागण्यापेक्षा मात्र हे परवडते. मासिक हप्ता असल्यास किमान सहा हप्त्यांची रक्कम माल विकल्याबरोबर वेगळी ठेवावी.

थकबाकीची किंमत केवळ दंडापुरती नसते. सरफेसी कायदा, २००२ खाली बँक साठ दिवसांची नोटीस देऊन, न्यायालयात न जाता, तारण घराचा ताबा घेऊ शकते. शेतजमीन या कायद्यातून वगळलेली आहे, पण गावठाणातील घर वगळलेले नाही.

सही करण्यापूर्वी व नंतर

१) मुख्य तथ्य विवरणपत्र मागून घ्यावे. १ ऑक्टोबर २०२४ पासून नवीन किरकोळ कर्जांसाठी बँका व वित्त कंपन्यांनी ते कर्जदाराला समजेल अशा भाषेत देणे बंधनकारक आहे. त्यात सर्व आकार धरून येणारा वार्षिक दर आणि परतफेडीचा तक्ता असतो. दोन बँकांची तुलना या वार्षिक दरावरून करावी.

२) पतसंस्था सहकार खात्याच्या नियंत्रणाखाली येतात, त्यांना रिझर्व्ह बँकेचे वरील निर्देश लागू नसतात. तेथे मुदतपूर्व फेडीच्या अटी आधी वाचाव्यात.

३) तारण म्हणून काय लिहून देतो ते पाहावे. गावठाणातील घर पुरेसे असताना सर्व जमिनीवर बोजा चढवू देऊ नये.

४) कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रे परत घ्यावीत. १ डिसेंबर २०२३ पासून बँकांनी ती ३० दिवसांत देणे आवश्यक आहे, बँकेमुळे विलंब झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे. सात-बारावर बोजा असल्यास बँकेचा दाखला तलाठ्याकडे देऊन तो कमी करून घ्यावा व नवीन उतारा पाहूनच निश्चिंत व्हावे.

सारांश, घरासाठी कर्ज घेणे वावगे नाही. पक्के घर ही कुटुंबाची गरज आहे आणि पूर्ण रक्कम साठेपर्यंत थांबणे सर्वांना शक्य नसते. परंतु हप्ता, मुदत आणि एकूण परतफेड हे तीनही आकडे एका कागदावर लिहून घरच्या सर्वांसमोर मांडावेत. एखादी खोली पुढच्या टप्प्यात बांधण्याचे ठरवून १० ऐवजी ७ लाखांचे कर्ज घेतले, तर ९ टक्के दराने १५ वर्षांसाठी हप्ता सुमारे ७,१०० रुपये येतो. म्हणजे तो १० लाखांच्या वीस वर्षांच्या हप्त्याहूनही कमी असतो आणि घर पाच वर्षे आधी मोकळे होते.