आधी नकाशा, मग माणसं

अर्थसीत जमीन थोडी आणि पाणी फार. लहानमोठी शेकडो बेटं, मधोमध आतला समुद्र, त्यात हॅवनॉर नावाचं सगळ्यात मोठं बेट, चारही दिशांना विरळ होत गेलेले टापू, आणि पश्चिमेच्या टोकाला सेलिडॉर, म्हणजे ड्रॅगनांचा मुलूख. लेखिका उर्सुला ले ग्विन यांनी हा कल्पित प्रदेश आधी एका मोठ्या कागदावर रेखाटला आणि बेटांना नावं दिली. कादंबरीची गोष्ट त्यानंतर आली. त्याआधी 1964 साली दोन लघुकथांमध्ये हा टापू पहिल्यांदा दिसला होता. 1967 मध्ये बर्कलीच्या पार्नासस प्रेसने त्यांच्याकडे किशोरांसाठी कादंबरी मागितली आणि 1968 मध्ये ‘अ विझर्ड ऑफ अर्थसी’ आली. शेवटची कादंबरी 2001 ची. या तेहेतीस वर्षांत नकाशा फारसा हलला नाही. त्या नकाशावरच्या लोकांच्या श्रद्धा मात्र लेखिकेने स्वतःच उसवून पाहिल्या. कल्पित प्रदेशांच्या इतिहासात मला यापेक्षा धाडसाची गोष्ट आठवत नाही.

बेटांचा देश म्हटला की सगळा कारभार वाऱ्यापावसावर. अर्थसीतली शहाणी जहाजं वारा सांभाळणारा मांत्रिक सोबत ठेवतात. पण इथली जादू फुकटची नाही. इकडे ओढलेला पाऊस तिकडचा कुणाचा तरी असतो. गाँट बेटावरचा ओगिऑन हा थोर मांत्रिक भूकंप आवरू शकतो, पण वाटेत पावसाची सर आली तर ती परतवत नाही. एखादं दाट झाड बघतो आणि त्याखाली आडवा होतो. त्याचा नवशिका शिष्य गेड झुडपाखाली भिजत धुमसत बसतो: असलं सामर्थ्य काय कामाचं? पुढची सगळी पुस्तकं या प्रश्नाशी झुंजतात. बाईंना ताओ विचाराची ओढ होती, ‘ताओ ते चिंग’ त्यांनी 1997 मध्ये स्वतःच्या इंग्रजीत आणलं. ओगिऑनच्या गप्प बसण्यात ती ओढ दिसते.

द्वीपसमूहातल्या लोकांना देव नाहीत. देवळं नाहीत, पूजा नाही. सेगॉयने बेटांची नावं उच्चारली आणि ती समुद्रातून वर आली, एवढी एक उत्पत्तिकथा आहे, पण सेगॉयपुढे कुणी हात जोडत नाही. दक्षिणायन संपताना एक सण आणि भर उन्हाळ्यात वर्षातल्या सर्वांत छोट्या रात्रीचा लांब नाच. त्या रात्री बेटाबेटावर ढोल आणि पावे वाजतात. जन्मभर तराफ्यांवर राहणारे, वर्षातून एकदा लाकडासाठी किनाऱ्याला लागणारे खुल्या समुद्राचे लोकही हा नाच चुकवत नाहीत. हे तपशील मानवशास्त्रज्ञाच्या घरातले वाटतात, आणि ते तसेच आहेत. ले ग्विन यांचे वडील आल्फ्रेड क्रोबर अमेरिकेतले नामवंत मानवशास्त्रज्ञ. ‘याही’ नावाच्या जमातीतला अखेरचा माणूस ‘इशी’ त्यांच्या संग्रहालयात राहिला, त्याचं चरित्र आई थिओडोरा यांनी 1961 मध्ये लिहिलं. इशीने आपलं खरं नाव शेवटपर्यंत कुणाला सांगितलं नाही.

अर्थसीतही खरं नाव झाकून ठेवायचं असतं. तेराव्या वर्षाच्या सुमारास मुलाचं बाळपणीचं नाव काढून घेतात, ते निनावी मूल थंडगार ओढ्यातून चालत जातं आणि पलीकडे उभा असलेला जाणता कानात खरं नाव सांगतो. चारचौघांत वापरायला वेगळं नाव. खरं नाव ज्याच्या हाती, त्याची सत्ता चालते. म्हणून ते सांगणं हा विश्वासाचा शेवटचा टप्पा. (लग्नात ताटभर तांदळात बोटाने सुनेचं नवं नाव लिहिणाऱ्या आपल्याला नावाची सत्ता समजावून सांगायला नको.)

रोक बेटावरची मांत्रिकांची शाळा याच पायावर उभी आहे. नऊ आचार्य: वाऱ्याचा, औषधींचा, रूपबदलाचा, गाण्याचा, असे. नामाचार्याच्या एकाकी बुरुजात विद्यार्थी नावांच्या याद्या पाठ करतात, आणि मध्यरात्र उलटली की पानावरची शाई उडून जाते. शाळेत शिरायचं तर दारपाळाला आपलं खरं नाव सांगायचं. शिक्षण संपवून बाहेर पडायचं तर त्याचं नाव शोधून काढायचं. गेड रात्रभर डोकं फोडतो आणि शेवटी सरळ विचारतो. दारपाळ सांगतो.

इथले बहुतेक लोक तांबूस-सावळे आहेत, गेडचा मित्र व्हेच काळा. गोरे आहेत ते पूर्वेकडच्या कार्गाड बेटांवरचे, आणि सावळ्या द्वीपवासीयांच्या लेखी ते रानटी. 1968 च्या अमेरिकेत ही उलटापालट जाणूनबुजून केलेली होती. 2004 च्या दूरचित्रवाणी मालिकेने गेडला गोरा करून टाकलं, तेव्हा बाईंनी जाहीर लेख लिहून खरडपट्टी काढली.

हे कार्गाडवासी जादू मानत नाहीत, लिहिणं त्यांना अभद्र वाटतं. त्यांना देव आहेत, देवराजा आहे, अटुआनच्या थडग्यांची पुजारीण आहे. एक पुजारीण मेली की त्याच रात्री जन्मलेली मुलगी हुडकून आणतात. मेलेला जीव पुन्हा जन्माला येतो, असं ते धरून चालतात. द्वीपवासी मात्र मेल्यावर दगडी भिंतीपलीकडच्या कोरड्या प्रदेशात जातात, जिथे तारे हलत नाहीत आणि भेटलेले प्रियजन एकमेकांना ओळखही देत नाहीत. 1972 च्या ‘द फार्देस्ट शोअर’मध्ये हा प्रदेश नुसता भयाण आहे. मरण म्हणजे हेच, हेच सत्य, असं ते पुस्तक मानतं.

मग बाई अठरा वर्षं थांबल्या. 1990 च्या ‘टेहानू’त त्यांनी आपल्याच शाळेकडे रोखून पाहिलं: रोकवर मुली का नाहीत? गावच्या चेटकिणीची विद्या हलकी कुणी ठरवली? 2001 च्या कथांमधून उत्तर आलं की ती शाळा उभारणाऱ्यांत बायकाही होत्या, पुरुषांनी दार नंतर लावून घेतलं. त्याच वर्षीच्या ‘द अदर विंड’मध्ये कोरड्या प्रदेशाची पाळी आली. ऑल्डर नावाच्या साध्या डागडुजी करणाऱ्या मांत्रिकाला स्वप्नात मेलेली बायको त्या भिंतीशी दिसते, सोडवा म्हणते. कळतं ते असं: माणूस आणि ड्रॅगन पूर्वी एकच होते. वाटणी झाली, माणसांनी वस्तू घेतल्या, ड्रॅगनांनी मोकळीक. पुढे मांत्रिकांनी अमर होण्याच्या लोभाने ड्रॅगनांच्या पश्चिमेचा एक तुकडा लाटला आणि त्याला भिंत घातली. मृतांचा तो प्रदेश निसर्गनियम नव्हताच, चोरीचा माल होता.

कादंबरी म्हणून ‘द अदर विंड’ जरा बोलघेवडी आहे, मसलती फार चालतात. पण त्या मसलतींत घडतं ते असं: रोकच्या आचार्यांना भिंत पाडायला हातभार लावावा लागतो, आणि मरणाबद्दल ज्यांचं म्हणणं बरोबर निघतं, ते लिहिण्याला घाबरणारे कार्गाडवासी असतात.